डाव्या हाताची ओळ

हॉईट प्रुइटनं ते गाणं एकाहत्तरच्या फेब्रुवारीत, एका दुपारी जेवणानंतर लिहिलं, आणि सगळ्यात आधी ते गायलं त्याच्या बायकोनं. तिचं ते गायन बाजारासाठी नव्हतं, नमुन्यासाठी होतं. नॅशव्हिलमध्ये गाणी लिहिणारा माणूस आधी नमुन्याची टेप करून घेतो आणि ती खिशात टाकून सोळाव्या ॲव्हेन्यूवरच्या गाण्यांच्या कंपन्यांचे जिने चढत फिरतो. कोणा गायकाला गाणं आवडलं तर आवडलं. नमुना गाणाऱ्याचं नाव टेपवर कुणी लिहीत नाही. व्हर्लीननं असे चारशेवर नमुने गायले होते. शिवाय ती आणि तिची मैत्रीण इमोजीन, दोघी मोठ्या गायकांच्या मागे उभं राहून ‘ऊ’ आणि ‘आ’ गात. त्यांच्या गावात तो धंदा होता, आणि दोघी त्यात पक्क्या होत्या.

गाण्याचं नाव होतं ‘पिवळ्या घराची पायरी’. एक माणूस गावी परततो, गाडी हळू करतो, पण थांबत नाही. पिवळ्या घरासमोरून नुसता जातो. एवढंच गाणं. त्याच्या पहिल्या कडव्यात आणि मग शेवटच्या कडव्यात पुन्हा या दोन ओळी होत्या:

संध्याकाळी पायरीवर ती एकटी निवांत,
डाव्या हातानं वाल सोलत, स्वतःशी गात.

व्हर्लीननं कागद बघून गायलं, एका झटक्यात, एकही चूक न करता. हेडफोन काढून ठेवताना तिच्या मनात आलं, डाव्या हातानं का?

ती उजव्या हाताची होती. हॉईटची आई उजव्या हाताची, त्याची एकुलती बहीण उजव्या हाताची. गाडीत बसल्यावर तिनं सहज विचारावं तसं विचारलं.

“ती डावखुरी कोण रे?”

“कोण डावखुरी?”

“पायरीवरची.”

“गाण्यातली बाई आहे ती,” हॉईट म्हणाला. “गाण्यातल्या बायांना पत्ता नसतो.” आणि त्यानं रेडिओ लावला.

त्याला खोटं बोलता येत नसे. खोटं बोलायची वेळ आली की तो रेडिओ लावायचा.

पुढच्या वर्षी ते गाणं वेंडल टॅरंटनं घेतलं. वेंडल म्हणजे खर्जातला आवाज, सहा फूट तीन इंच उंची, आणि त्या काळी त्याचं नाव एवढं मोठं की तो स्टुडिओत आला की लोक सिगारेटी विझवत. निर्माता क्लेल स्ट्राउडनं गाणं वेंडलच्या गळ्यासाठी तीन सूर खाली आणलं. त्यात कष्ट काहीच नव्हते. या गावात वादकांच्या पुढ्यात सुरांची नावं लिहीत नाहीत, आकडे लिहितात: एक, चार, पाच, पुन्हा एक. ‘एक’ कुठला ते गायकाचा गळा ठरवतो. गाणं एकदा आकड्यांत लिहिलं की ते कुणाचंही होतं. व्हर्लीनला ही पद्धत फार आवडायची. त्या दिवशी प्रथमच तिला त्यात काहीतरी निर्लज्ज वाटलं.

वेंडलनं गावाचं नाव बदललं. हॉईट हो म्हणाला. वेंडलनं दुसरं कडवं निम्मं केलं. हॉईट म्हणाला, बरं झालं, लांबलंच होतं. मग वेंडल म्हणाला, “आणि ते डाव्या हाताचं काढू. सोलतेय ना, मग कुठल्या का हातानं सोलेना.”

“ते राहू दे,” हॉईट म्हणाला.

“अरे, म्हणताना जीभ अडखळते.”

“अडखळू दे.”

क्लेलनं काचेमागून मध्ये पडायचा प्रयत्न केला. हॉईट उठला, टोपी घेतली आणि शांतपणे म्हणाला, “मग गाणंच राहू दे, वेंडल. राग नाही.” हॉईट प्रुइटनं वेंडल टॅरंटच्या हातातून गाणं परत घ्यायची भाषा करावी, हे ऐकून ड्रमवाल्यानं काठ्या खाली ठेवल्या. वेंडलनं हेडफोन पुन्हा चढवले आणि ती ओळ तशीच गायली.

व्हर्लीन आणि इमोजीन मागच्या माइकवर उभ्या होत्या. गाणं संपल्यावर इमोजीन कुजबुजली, “आज तुझ्या नवऱ्याच्या अंगात आलंय. घरी पण असाच असतो का?”

“घरी त्याला भाजीत मीठ नसलं तरी कळत नाही,” व्हर्लीन म्हणाली.

ती हसून म्हणाली खरी, पण त्या रात्रीपासून तिच्या डोक्यात जो किडा वळवळायला लागला तो काही बाहेर पडला नाही.

पंचाहत्तरमध्ये ओपल ड्रॉननं ते गाणं बाईच्या बाजूनं गायलं. म्हणजे पायरीवर ती स्वतः बसलेली, आणि गाडी समोरून जाते. ‘मी’चं ‘तो’ झालं, ‘ती’चं ‘मी’ झालं, सगळं गाणं उलटं करून शिवल्यासारखं झालं. हॉईटची ना नव्हती. फक्त ओपल ‘डाव्या हातानं’ म्हणतेय ना, हे त्यानं तीनदा ऐकून घेतलं. एकोणऐंशीत साइझमोर बंधूंनी बँजो लावून ते दुप्पट चालीत पळवलं. एक कडवं गाळलं, शेवटी हसण्याचा आवाज टाकला. हॉईट म्हणाला, मजा आली. पण डावा हात बँजोच्या खडखडाटातसुद्धा जिथल्या तिथं होता.

तिन्ही वेळा व्हर्लीन मागे उभी होती. तिन्ही वेळा तिनं त्या ओळीखाली तिसरा सूर धरून ‘ऊ’ म्हटलं. आणि तीन रेकॉर्डिंगनंतर तिनं एखाद्या हिशोबी बाईसारखा निष्कर्ष काढला. गाव बदललं, घराचा रंग एकदा पांढरा झाला, पुरुषाची बाई झाली, चाल दुप्पट झाली. जे बदलत नाही तेच खरं. गाण्यात बाकी सगळं लिहिलेलं होतं. तो हात मात्र बघितलेला होता.

हॉईटनं तिला कधी फसवलं नव्हतं. हे तिला पक्कं ठाऊक होतं आणि त्याचा काही उपयोग नव्हता. बाहेर भानगड असती तर तिनं भांडून घेतलं असतं, आईकडे मेम्फिसला निघून गेली असती, परत आली असती. पण कुणीतरी शेंगा सोलत होतं आणि तो इतक्या बारकाईनं बघत होता की हात कुठला ते त्याला इतक्या वर्षांनी आठवत होतं. यावर भांडण कसं काढायचं? संसाराला एकोणीस वर्षं झाली होती. मी कपाचा कान कुठल्या हातानं धरते, असं त्याला अचानक विचारलं तर सांगता आलं नसतं, याची तिला खात्री होती.

एकदा तिनं करून बघितलं. हॉईट स्वयंपाकघरातल्या टेबलाशी गिटारला तारा लावत बसला होता. ती समोर वालाची टोपली घेऊन बसली आणि डाव्या हातानं सोलायला लागली. शेंगा हातातून निसटत होत्या, दाणे फरशीवर उडत होते. अर्ध्या तासात वाटीभर झाले. नख दुखायला लागलं. हॉईटनं मान वर केली, वाटीत बघितलं आणि म्हणाला, “यंदा वाल कमी आलेत का गं?”

“हो,” ती म्हणाली. “पाऊस नव्हता.”

ऐंशीच्या मे महिन्यात दोघं हॉईटच्या गावी गेली. अलाबामाच्या उत्तरेला, टेनेसी नदीच्या अलीकडे ते गाव. तिथल्या चर्चमध्ये वर्षातून एका रविवारी गाव सोडून गेलेले सगळे परत येतात; सकाळी प्रार्थना होते, थडग्यांवर फुलं ठेवतात, आणि मग झाडांखाली लांबच लांब टेबलांवर प्रत्येक घरचा डबा उघडतो. हॉईट पंधरा-सोळा वर्षांत तिथं गेला नव्हता. या वर्षी जाऊ म्हणून व्हर्लीननंच धोशा लावला होता.

“तुला कधीपासून माझ्या गावचा एवढा पुळका?” तो म्हणाला.

“केळ्याचं पुडिंग चांगलं असतं म्हणालास ना.”

जेवणाच्या टेबलांपाशी तिनं पुडिंगकडे बघितलंसुद्धा नाही. ती हात बघत होती. तळलेली कोंबडी उचलणारे हात, गार चहाचा जग कलता करणारे, मक्याच्या पावावर लोणी फासणारे. चाळिशी ओलांडलेल्या बायकांकडे तिचं जास्त लक्ष होतं. तासाभरात तिला तीन डावखुऱ्या सापडल्या. एक ऐंशीची होती. एक जेमतेम अकराची. तिसरी बटाट्याच्या सॅलडपाशी उभी राहून वाढत होती: ठसठशीत बांधा, करडे केस, ठिपक्यांचा झगा, आणि पळी डाव्या हातात.

व्हर्लीननं ताट पुढं केलं.

“मी हॉईटची बायको,” ती म्हणाली.

“अगं बाई, हॉईटची? मी ऑर्डिथ. एका बाकावर शिकलोय आम्ही. दोन पळ्या घे, नॅशव्हिलला काय मिळतं तुम्हाला, डबाबंद सॅलड. हॉईट काय करतो म्हणे आता?”

“गाणी लिहितो.”

“लिहितो? म्हणजे गात नाही?”

“नाही.”

“मग गातो कोण?” ऑर्डिथनं सहानुभूतीनं आणखी एक पळी घातली. “असू दे. काही ना काही तर करतोय.”

एवढ्या सरळ बाईचा संशय धरणं व्हर्लीनला जमेना. हिच्याविषयी गाणं कुणी लिहिलं असतं तर त्यात हसणं आलं असतं, हात नाही. तिनं ताट सावरलं आणि म्हणाली, “तुम्ही डावखुऱ्या आहात वाटतं.”

“आमच्याकडे पिढीजात आहे ते. माझी आई ती बघ, तिकडं खुर्चीत. ती माझी नात. मास्तरनी हातावर पट्ट्या मारून मारून माझा अर्धा सुधारला. मोझेलला मात्र कुणी बदलू शकलं नाही. माझी धाकटी बहीण. सुई, कात्री, सगळं डाव्यानं.”

“ती आलीय का?”

“कुठली येते. हंट्सविलला असते, टेलिफोनच्या ऑफिसात. रविवारी तिची कामाची पाळी. तीन पोरं आहेत.” ऑर्डिथनं पळीनं टेकाडापलीकडे दाखवलं. “आमचं घर तिथं होतं, रस्त्याला लागून. हॉईट रोज यायचा बघ, आमच्या दादाबरोबर मासे धरायला. मासे कमी, आणि पायरीवर बसून वेळ घालवणंच जास्त.”

“घर कुठल्या रंगाचं होतं?”

ऑर्डिथला प्रश्न विचित्र वाटला नाही. “रंग कसला, रंग द्यायला कुणाला परवडत होतं? नुसतं लाकूड.”

म्हणजे पिवळा रंगसुद्धा नंतर चढवलेला. हात तेवढा खरा. व्हर्लीननं विचारलं, “मोझेलनं ते पिवळ्या घराचं गाणं ऐकलंय का?”

“वेंडल टॅरंटचं? तिच्या फार आवडीचं. म्हणते, वेंडलची कुणीतरी डावखुरी मैत्रीण असणार, माझ्यासारखी.” ऑर्डिथ हसली. “मी म्हटलं, बाई गं, तू आपली टेलिफोन जोड.”

त्या गावची, आणि खरं तर सगळ्याच जगाची, ही समजूत होती. गाणं ज्याच्या तोंडून ऐकलं त्याचं. कागदावर नाव कुणाचं ते कोण बघतं? मोझेलला काही माहीत नव्हतं. हॉईटनं तिला कधी कळवलं नव्हतं. म्हणजे ती ओळ त्यानं कुणाला पोचवायला लिहिलीच नव्हती. ती नुसती त्याची होती. व्हर्लीन ताट घेऊन झाडाखाली बसली. जाणून घेतल्यावर मन हलकं होईल असं तिला वाटलं होतं. उलट आता त्या हाताला नाव आलं, पाळी आली, तीन पोरं आली.

परतताना हॉईटनं टेकाडापाशी गाडी हळू केली. तिथं घर नव्हतंच, नुसतं कुंपण होतं. तिनंच रेडिओ लावला.

चौऱ्याऐंशीच्या ऑक्टोबरमध्ये मार्ली बेथ हँकॉक नावाच्या तेवीस वर्षांच्या मुलीनं ते गाणं मागितलं. लागोपाठ तीन गाणी पहिल्या क्रमांकाला गेलेली; क्लेल आता म्हातारा झाला होता आणि तिच्यापुढं मांजर झाला होता. दुपारी दोनचं रेकॉर्डिंग. हॉईट आला नव्हता, त्याच्या पाठीत उसण भरली होती. व्हर्लीन आणि इमोजीन आपल्या जागी उभ्या होत्या, आता दोघींच्याही गळ्यात चष्म्याच्या दोऱ्या.

मार्ली बेथ पहिल्या कडव्यात तीनदा थांबली. चौथ्यांदा तिनं हेडफोन मानेवर घेतले.

“मिस्टर स्ट्राउड, मला हे जमत नाहीये. डाव्या हातानं वाल सोलत. मी कधी वाल सोललेच नाहीत. आणि डाव्याच का? ऐकणारा म्हणेल उजव्याला काय झालं, प्लास्टर आहे का?”

वादक हसले.

“हॉईट त्या ओळीला हात लावू देत नाही,” क्लेल म्हणाला. “आधी वेंडलनंसुद्धा डोकं फोडून बघितलंय.”

“विचारून तर बघा. मिस व्हर्लीन, तुम्ही विचारता का? तुमचं ऐकतील ते.”

लिहिणाऱ्याला विचारल्याशिवाय शब्द बदलायचा नाही, हा तिथला रिवाज. चोर होते, लबाड होते, पण हा रिवाज सगळे पाळत. व्हर्लीन बाहेर पडली. फोन बोळाच्या टोकाला भिंतीवर होता. तिनं रिसीव्हर उचलला, कानाला लावला आणि घरचा नंबर फिरवलाच नाही. रिसीव्हरमधला एकसुरी आवाज ती ऐकत राहिली. तो सूर पियानोवरच्या ‘ए’च्या जवळचा होता, थोडा खाली. तिनं सावकाश साठपर्यंत मोजलं. मोजताना तिच्या डोक्यात पश्चात्ताप नव्हता, भीतीही नव्हती. अनेक वर्षं दुखणारा दात डॉक्टरनं हलवून बघावा आणि तो सुटत असल्याचं कळावं, तसं काहीतरी होतं. मग तिनं रिसीव्हर ठेवला.

“चालेल म्हणाला,” तिनं आत येऊन सांगितलं.

क्लेल काचेमागे उभाच राहिला. “हॉईट? चालेल म्हणाला?”

“पाठ दुखतेय त्याची. वाद घालायची ताकद नाही.”

“मग काय गाऊ?” मार्ली बेथनं विचारलं. “तिथं काहीतरी हातानं करायला हवं तिनं.”

व्हर्लीननं हे शब्द कधी लिहिले नव्हते, कधी मनाशी म्हटलेही नव्हते. तरी ते तयारच होते, मोजून मापून, त्याच आठ ठोक्यांत बसणारे.

“बोटातली अंगठी फिरवत,” ती म्हणाली. “स्वतःशी गात.”

मार्ली बेथनं डोळे मिटून ते पुटपुटून बघितलं. “अय्या, लग्न झालेली आहे ती. तो समोरून जातो आणि तिच्या बोटात अंगठी.” तिच्या अंगावर खरंच काटा आला होता, तिनं दंड पुढं करून दाखवला. “मिस व्हर्लीन, तुमचं नाव घालूया गाण्यावर.”

“नको.”

“एक शब्द बदलणारेसुद्धा नाव मागतात, तुम्ही आख्खी अर्धी ओळ…”

“नको म्हटलं ना, बाळ. गा तू.”

इमोजीननं चष्मा नाकावर चढवला, व्हर्लीनकडे बघितलं, आणि पुन्हा काढला. “आपल्या गावात नाव नको म्हणणारी बाई मी पहिल्यांदा बघितली,” ती हळूच म्हणाली. “एक तर तू संत आहेस, नाहीतर काहीतरी गाडायला निघालीयेस.”

“सूर धर,” व्हर्लीन म्हणाली.

मार्ली बेथनं ते एका दमात गायलं.

दहा दिवसांनी क्लेलकडून कॅसेट आली. हॉईट पाठीशी उशी घेऊन बसला होता. व्हर्लीन ओट्याशी उभी राहून कांदा चिरत होती, पाठ त्याच्याकडे. गाणं सुरू झालं, पायरीपाशी आलं, अंगठी फिरली, पुढं गेलं. हॉईटनं ते शेवटपर्यंत ऐकलं. मग खटकन बटण दाबल्याचा आवाज आला.

“अंगठी,” तो म्हणाला.

ती चिरत राहिली.

“कुणी सुचवलं?”

मार्ली बेथनं, असं उत्तर तिनं दहा दिवस तयार ठेवलं होतं. “मी,” ती म्हणाली.

मग हॉईट म्हणाला, “ओळ चांगली आहे.”

“तुझ्या ओळीपेक्षा?”

“गाता येते.” त्यानं कॅसेट काढून डबीत घातली, नीट, कडा जुळवून. “क्लेल म्हणाला, तू मला फोन करून विचारलंस.”

“हो.”

“मी त्या दिवशी घरीच होतो. फोनपाशी. पाठीमुळं हलता येत नव्हतं.”

तिनं सुरी खाली ठेवली. आता विचारेल, आणि मग मीही विचारेन: मोझेल कोण? तेरा वर्षं दाबलेलं सगळं ओट्यावर येईल. तिला ते हवं होतं. पण हॉईट उशी सरकवून म्हणाला, “कांदा जळेल बघ.” तवा अजून चुलीवर ठेवलेलाही नव्हता.

त्यानं कधीच विचारलं नाही, म्हणून तीही कधी बोलली नाही.

गाणं अकरा आठवडे वाजत राहिलं. आता सगळे त्याला मार्ली बेथचं गाणं म्हणायला लागले. त्यानंतर आणखी दोघांनी ते रेकॉर्ड केलं, आणि दोघांनीही मार्ली बेथचं ऐकून केलं, त्यामुळं दोन्हींत अंगठी. चर्चमधल्या लग्नात कुणी कुणी ते वाजवायला लागलं. व्हर्लीन किराणा आणायला गेली की दुकानातल्या रेडिओवर तिची ओळ लागायची. पहिल्यांदा तिला एखादा किल्ला सर केल्यासारखं वाटलं. जुनी तबकडी आता कोण लावणार? हंट्सविलची ती बाईसुद्धा आता अंगठीच ऐकत असणार आणि म्हणत असणार, अरे, आधी वेगळं होतं का?

शहाऐंशीच्या वसंतात हॉईटला एका छोट्या कॅफेतून बोलावणं आलं. लाँड्री आणि शिंप्याचं दुकान यांच्या मधली जागा. तिथं संध्याकाळी सहाला चार गीतकार मधोमध गोलात खुर्च्या टाकून बसत, एकमेकांकडे तोंड करून, आणि पाळीपाळीनं आपापली गाणी स्वतः गात. लोक भोवती दाटीवाटीनं बसून ऐकत. जन्मभर ज्यांचे आवाज कुणी ऐकले नव्हते त्यांचे आवाज ऐकायची ती नवी हौस होती. हॉईट चार दिवस नाही म्हणाला आणि पाचव्या दिवशी इस्त्रीचा शर्ट शोधायला लागला.

व्हर्लीन आणि इमोजीन भिंतीलगतच्या टेबलाशी बसल्या. बाहेर अजून ऊन होतं.

“तुझा नवरा घामाघूम झालाय,” इमोजीन म्हणाली. “बासष्टाव्या वर्षी नवरदेव.”

“एकसष्ट.”

“मग ठीक आहे. कोवळा आहे.”

तिसऱ्या फेरीत हॉईटनं ‘पायरी’चे पहिले सूर वाजवले आणि लोकांनी ओळखून टाळ्या दिल्या. तो जुन्या चालीत गात होता, नमुन्याच्या टेपवरच्या. त्याचा आवाज बारीक आणि खरखरीत होता. व्हर्लीन पुढं वाकून बसली. आज त्याला थांबवणारा कुणी नव्हता. निर्माता नाही, गायक नाही, ती स्वतःही नाही. गाणं त्याचं, तोंड त्याचं. तो आता म्हणणार. पंधरा वर्षांनी, सगळ्यांदेखत, तो मोझेलचा हात पुन्हा आत आणणार.

संध्याकाळी पायरीवर ती एकटी निवांत, तो गायला, आणि त्याला पुढचा श्वास घेता येण्याआधीच सगळं कॅफे आपणहून गायला लागलं.

बोटातली अंगठी फिरवत.

हॉईटनं ओठ मिटले. बोटं गिटारवर चालूच होती. पूर्ण आठ ठोके. मग ‘स्वतःशी गात’पाशी तो लोकांत सामील झाला. बाकीचे तीन गीतकार कौतुकानं हसले. लोकांना गाऊ देतोय, मोठा माणूस. इमोजीननं रुमाल काढला.

“बघ कसा ऐकतोय,” ती म्हणाली. “तुझी ओळ आहे ना ती? किती प्रेमानं ऐकतोय.”

तो ऐकत नव्हता. व्हर्लीन त्याला पंचवीस वर्षं बघत होती. कानानं ऐकतानाचा त्याचा चेहरा तिला ठाऊक होता, तो हा नव्हता. तो त्या आठ ठोक्यांत दुसरीकडे कुठंतरी होता, आणि वेळेवर परत आला होता.

दुसऱ्या कडव्यानंतर त्यानं मान वळवून भिंतीकडे बघितलं. “माझी बायको आलीय,” तो म्हणाला. “हे गाणं सगळ्यात आधी तिनं गायलं. कुणाला माहीत नाही. ये गं.”

लोक वळले. इमोजीननं तिला कोपरानं ढकललं. खुर्च्यांमधून वाट काढत व्हर्लीन त्याच्याजवळ गेली, त्याच्याच माइकपाशी वाकली, आणि ध्रुवपदात तिनं तिसरा सूर लावला, ठरलेला, न बघता. लोक सुखावले. तिला त्याच्या गालावरचे खुंट दिसत होते, साबणाचा वास येत होता. शेवटचं कडवं जवळ येत होतं.

वेंडल गायला तेव्हा तिनं ती ओळ ऐकली होती. ओपल गायली तेव्हा, साइझमोर गायले तेव्हाही. ती ओळ परक्यांच्या गळ्यांतून बाहेर येत असे. व्हर्लीनला त्या ओळीचं वजन करता येत असे, तिचा मत्सर करता येत असे. कुणीही पैसे टाकून ती तबकडी विकत घेऊ शकत होतं. आता ती ओळ बाहेर कुठंच नव्हती.

संध्याकाळी पायरीवर ती एकटी निवांत.

लोकांनी अंगठी उचलली. व्हर्लीननं आपला सूर सोडला. चाळीस माणसं तिचे शब्द गात होती आणि ती त्याच्या तोंडाशी कान नेऊन उभी होती, पुटपुटतोय का ते ऐकायला. ओठ हलत नव्हते. गळ्याची घाटी हलत नव्हती. एवढ्या जवळून तिला त्याचा श्वाससुद्धा ऐकू येत नव्हता. आठ ठोके त्यानं तो आत धरून ठेवला होता.

मग नवव्या ठोक्यावर, अगदी वेळेवर, त्यानं तोंड उघडलं आणि तो पुढचं गायला लागला. आणि व्हर्लीनला तिचा सूर कुठला होता, ते काही केल्या आठवेना.